आधी भिंतीला, मग जमिनीला

त्या वर्षी फेब्रुवारीत सासूबाई आमच्याकडे आइंडहोवनला आल्या त्या माझ्या ऑपरेशनसाठी. गर्भाशयातल्या गाठी काढायच्या होत्या, नंतर सहा आठवडे वजन उचलायचं नव्हतं, आणि मुलगी सात वर्षांची. नवऱ्यानं सांगलीला फोन करून आईला विचारलं, तशा त्या लगेच हो म्हणाल्या. सासरे आले नाहीत. मला थंडी सोसत नाही, गुडघाही दुखतो, तीन महिन्यांचाच प्रश्न आहे तर मी डबा लावीन, असं त्यांनी सांगितलं.

मार्चमध्ये ऑपरेशनच्या आठवडाभर आधी हॉस्पिटलातून फोन आला की तातडीची नसलेली सगळी ऑपरेशनं पुढे ढकलली आहेत. मग शाळा बंद झाली, नवऱ्याचं ऑफिस घरी आलं, आणि भारतात जाणारी विमानं थांबली. ज्या कामासाठी सासूबाई आल्या होत्या ते काम राहिलं नाही, आणि परत जायची सोयही राहिली नाही.

आमचं घर इथल्या इतर घरांसारखंच, ओळीतलं, अरुंद आणि उंच. नवरा कॉम्प्युटरच्या चिप बनवायच्या यंत्रांवर काम करतो. तो माळ्यावर बसायचा, सकाळी आठला वर गेला की जेवायलाच खाली. मुलीची शाळा मधल्या मजल्यावर, टॅबलेटवर. खाली स्वयंपाकघर आणि बैठकीची खोली एकच, तिथल्या जेवणाच्या टेबलावर मी. माझे हेडफोन मुलीला शाळेसाठी दिले होते आणि दुकानं बंद होती, म्हणून माझं काम लॅपटॉपच्या स्पीकरवर चालायचं. हे सांगायचं कारण, हेडफोन माझ्या कानावर असते तर पुढचं काहीच घडलं नसतं.

माझं काम जरा वेगळं होतं. टिलबर्गमधली एक छोटी संस्था जुन्या फिल्मा साफ करून पुन्हा दाखवण्याजोग्या करायची, आणि त्यांना ऐकू न येणाऱ्या प्रेक्षकांसाठी मजकूर लिहून देणारं माणूस हवं होतं. मी इंग्रजी घेऊन एम. ए. केलेली, लग्नानंतर नवऱ्याच्या व्हिसावर इथे आलेली, चार वर्षं काही ना काही शोधत होते. त्यांनी मला दिल्या त्या वीस-वीस मिनिटांच्या विनोदी फिल्मा. बोलपट नुकतेच सुरू झाले होते तेव्हाच्या. सगळ्या घरातल्या गोष्टी. नवरा, बायको, नवऱ्याला नकोशी झालेली सासू, सोफ्यावर लोळणारा बायकोचा भाऊ. नवरा स्वतःच नळ दुरुस्त करायला घेतो आणि घरात पाणी भरतं. साहेब जेवायला येणार असतो आणि भाजायला ठेवलेली टर्की जळते. शेवटी सगळं मोडून पडलेलं असतं, त्यात दोघं बसलेली असतात, एकमेकांकडे बघतात, वाद्यं वाजतात, संपलं. आवाज तेव्हा नवीन होता, त्यामुळे त्या लोकांनी आवाजाची नुसती उधळपट्टी केली होती. दारं आपटायची, शिंका यायच्या, काचसामान फुटायचं. मी प्रत्येक आवाज ऐकायचा आणि तो कसला आहे ते दोन-तीन शब्दांत लिहायचं. कोणी बोललेलं लिहिणं सोपं असतं. आवाज लिहिणं अवघड. त्या फिल्मांच्या ध्वनीत पाऊस पडल्यासारखी सतत खरखर असायची, आणि त्या खरखरीत पडद्याबाहेर कुठेतरी धप्प झालं तर ते माणूस पडल्याचं की पोतं, हे ठरवायला मी तो तुकडा वीस-वीस वेळा वाजवायची.

सासूबाई मागे ओट्यापाशी असायच्या. लग्नाला नऊ वर्षं झाली होती, पण आम्ही सलग आठ दिवसही कधी एकत्र राहिलो नव्हतो. मला त्या अबोल वाटायच्या, थोड्या कोरड्याही. सासरे मात्र माझ्याशी भरभरून बोलायचे. ते मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालेले, गावात मान होता. मी मराठीत काही लिहिलं की फोनवर वाचून घ्यायचे, एखादा शब्द सुचवायचे, तोही इतक्या हळुवारपणे की आपलं चुकलंय असं वाटूच नये. माझे वडील मी कॉलेजात असतानाच गेले होते. सासऱ्यांचा मला लळा लागला होता, हे मी लपवणार नाही.

सासूबाईंची एक गोष्ट मला तेव्हा फार आवडायची. त्यांच्या हातून भांड्याचा आवाज होत नसे. कढई शेगडीवर ठेवताना, चमचे खणात टाकताना, कुकरचं झाकण काढताना, काही म्हणजे काही ऐकू येत नसे. मी एकदा कौतुकानं तसं बोलूनही दाखवलं. त्या म्हणाल्या, सवय आहे.

सुरुवातीला त्या स्क्रीनकडे पाहत नसत. मग काम आटोपलं की पलीकडच्या खुर्चीवर शेंगा निवडत बसू लागल्या. इंग्रजी त्यांना येत नाही. काय बोलतात ते मी मधून मधून सांगायची. बहुतेक फिल्मांत बायकोचं काम एकच नटी करायची, बारीक, मोठ्या डोळ्यांची, आणि सासूबाईंना तिच्यात रस वाटू लागला. आज काय केलं त्या बाईनं, असं विचारायच्या. एकदा पुरी फिल्म पाहिली, ज्यात मेजवानीच्या टेबलासकट सगळं घर उलथंपालथं होतं. संपल्यावर म्हणाल्या, "आणि हे नंतर आवरतं कोण?" मी हसले. मला वाटलं त्यांनी विनोद केला.

एप्रिलच्या शेवटी शेवटी एक फिल्म आली. नवरा-बायकोचं स्वयंपाकघरात भांडण होतं आणि ती रागारागानं बाहेरच्या खोलीत येते. कॅमेरा तिच्यावरच असतो. आतून एक जोराचा आवाज येतो, ती दचकते आणि मग डोळे फिरवून प्रेक्षकांकडे बघते. तिथे लोकांनी हसायचं. आवाज पत्र्याच्या भांड्याचा होता एवढं कळत होतं. मी लिहिलं, आत ट्रे पडतो. खात्री नव्हती, म्हणून पुन्हा पुन्हा वाजवत होते.

सासूबाई ओट्यापाशी माझ्याकडे पाठ करून कणीक मळत होत्या. त्यांना चित्र दिसत नव्हतं.

"काय लिहिलंस?" त्यांनी विचारलं.

मी सांगितलं.

"पडलं नाहीये. फेकलंय."

मी विचारलं, कशावरून. त्यांनी वळून पाहिलंही नाही. "पडलेलं भांडं आधी जमिनीला लागतं. हे आधी भिंतीला लागलं, मग जमिनीला. दोन आवाज आहेत. ऐक."

मी वेग कमी करून ऐकलं. खरंच दोन आवाज होते, मधे पाव सेकंदाचंही अंतर नसेल. पुढे तो नवरा बाहेर येतो तेव्हा त्याच्या खांद्यावर भिंतीचा चुना पडलेला दिसतो; मी आदल्या दिवसापासून ती फिल्म पाहत होते आणि तो माझ्या लक्षात आला नव्हता. मी खूश होऊन म्हणाले, आई, तुम्हीच हे काम करायला हवं. त्या कणीक मळून झाली होती तरी मळतच राहिल्या. तेव्हा माझ्या मनात काहीतरी हललं. मी लॅपटॉप मिटला आणि उठून त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहिले. काही विचारलं नाही.

त्यांनी हात धुतले, पुसले, आणि उभ्या उभ्याच सांगितलं. सलग सांगितलं नाही, मधे मुलगी पाणी प्यायला येऊन गेली तेव्हा थांबल्या. लग्नाच्या दुसऱ्या वर्षापासून. आधी भांडी, मग हात. दारू नव्हती, संशय नव्हता, बाहेरचं काही नव्हतं. आमटी गार असायची, शर्टाचं बटण राहिलेलं असायचं, त्या कुठे बोलताना मधेच बोललेल्या असायच्या. शाळेत सगळ्यांशी गोड वागून माणूस घरी यायचा आणि दार लागलं की बदलायचा. उजवा कान त्यांना कमी ऐकू येत होता, हे मला पहिल्यांदा त्या दिवशी कळलं. मी नेहमी त्यांच्या डाव्या बाजूला बसत असल्यामुळे कधी लक्षात आलं नव्हतं. मला वाटायचं त्यांचा कान तिखट आहे. तिखट होता तो एकच, डावा.

वयानं हात थांबला होता का, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, कमी झालंय, गुडघ्यामुळे उठायला वेळ लागतो त्यांना.

एवढंच. मग त्यांनी मला शपथ घातली नाही की वचन मागितलं नाही. फक्त म्हणाल्या, "त्याला नको सांगू. त्याला त्याचा बाप राहू दे."

त्यानंतर रोज सकाळी सांगलीहून सासऱ्यांचा व्हिडिओ कॉल यायचा आणि मी त्याच खोलीत असायची. ते हसून माझी चौकशी करायचे, माझ्या ऑपरेशनचं विचारायचे, नातीला कोडी घालायचे. माझं मन त्यांच्याशी पूर्वीसारखं बोलू शकत नव्हतं आणि तोंड बोलत होतं. सासूबाई फोन हातात धरून जेवढ्यास तेवढं बोलायच्या. शेवटी ते विचारायचे, कधी येतेस. ते जरा हळू आवाजात विचारायचे. ऐकणाऱ्याला ते प्रेमच वाटलं असतं. नवऱ्याला वाटायचं.

मे महिन्यात अडकलेल्या लोकांसाठी खास विमानं सुटू लागली. दूतावासाच्या फॉर्मवर नाव नोंदवायचं आणि नंबर लागला की मेल यायचा. नवरा मीटिंगांमध्ये बुडालेला, म्हणून फॉर्म मी भरला, माझ्या मेलवरून. त्याचा जीव बाबांसाठी तुटत होता. ज्या बाईकडून डबा यायचा तिच्या गल्लीत रुग्ण सापडला, गल्ली बंद झाली, डबा बंद झाला. सासरे स्वतःच भात-पिठलं करून खात होते. आईला पहिल्या विमानानं पाठवायला हवं, असं तो दर दोन दिवसांनी म्हणायचा. सासूबाई मान हलवायच्या.

जूनमधल्या एका दुपारी मेल आला. जागा होती, दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत होकार कळवायचा होता. नवरा वर होता, मुलगी बागेत. मी सासूबाईंना वाचून दाखवलं. त्या खुर्चीवर बसल्या. बराच वेळ खिडकीतून बाहेर समोरच्या घरांकडे पाहत होत्या. मग म्हणाल्या, "चार महिने झाले. मला आता झोपेत दचकायला होत नाही."

"मग नका जाऊ," मी म्हणाले.

"त्याला काय सांगशील?"

"नंबर लागला नाही म्हणून सांगेन."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. नको म्हणाल्या नाहीत. हो सुद्धा म्हणाल्या नाहीत, आणि याची मी पुढे अनेकदा स्वतःला आठवण करून दिली आहे. शब्द माझा होता. दुसऱ्या दिवसाची संध्याकाळ उलटून गेल्यावर मी तो मेल पुसून टाकला. जेवताना नवऱ्यानं विचारलं तेव्हा मी भाजी वाढता वाढता सांगितलं की अजून काही आलं नाही. सासूबाईंच्या व्हिसाची मुदत वाढवून मिळाली होती, त्यामुळे त्यालाही दूतावासाकडे घाई लावायला निमित्त उरलं नव्हतं. त्यानं सुस्कारा टाकला. मला वाईट वाटलं नाही, उलट बरं वाटलं, काहीतरी चांगलं केल्यासारखं. पुढचे पाच-सहा आठवडे आमच्या घरात हलके गेले. सासूबाई माझ्याबरोबर चालायला येऊ लागल्या. सायकलवाल्यांची घंटी डाव्या कानानं टिपून मला बाजूला ओढायच्या. एकदा त्यांच्या हातून झाकण फरशीवर पडलं, ते घरंगळत घरंगळत टेबलाखाली गेलं, आणि त्यांनी ते घाईनं उचललं नाही.

जुलै संपता संपता सासऱ्यांना ताप आला. डबा नाही म्हणून ते स्वतः मंडईत जात होते, तिथेच लागण झाली असणार असं शेजारी म्हणाले. दोन दिवस त्यांनी कोणाला सांगितलं नाही. तिसऱ्या दिवशी फोनवर वाक्य पुरं होईना, तेव्हा नवऱ्यानं शेजाऱ्यांना फोन केला, त्यांनी रुग्णवाहिका बोलावली. खाट मिळायला अर्धा दिवस गेला. नवरा माळ्यावर बसून एकामागून एक नंबर फिरवत होता, डॉक्टर झालेले शाळूसोबती, नगरसेवक, कोणी कोणी. दवाखान्यात गेल्यावर एकदाच त्यांचा फोन आला. मास्कमधून फारसं कळत नव्हतं. नवरा म्हणाला, बाबा, तुम्ही बोलू नका, दमाल. ते काहीतरी बोलले आणि नवऱ्यानं फोन आईच्या कानाला लावला. नेमका उजव्या कानाला. त्यांनी तो तसाच ऐकला. काय म्हणाले, असं त्यानं नंतर विचारलं तर त्या म्हणाल्या, सांभाळ म्हणाले. खरं काय ऐकू आलं, किंवा आलं का, ते मी कधी विचारलं नाही.

चौथ्या दिवशी ते गेले. नगरपालिकेच्या माणसांनी अंत्यसंस्कार केले. शेजाऱ्यांनाही लांबच थांबवलं. नवऱ्याला एक फोटो आला, त्यात निळ्या पोशाखातली चार माणसं आणि एक पांढरं गाठोडं. तो फोटो त्यानं आम्हाला दाखवला नाही. त्याच्या फोनमध्ये मला नंतर दिसला. त्या दिवशी तो स्वयंपाकघरात येऊन फरशीवर बसला आणि लहान मुलासारखा रडला. सासूबाई त्याच्या डोक्यावर हात फिरवत होत्या. त्यांच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. त्याला ते धक्क्यामुळे वाटलं, आणि तसं तो सगळ्यांना फोनवर सांगत होता, आई अगदी दगड झालीय. मी मान हलवत होते.

मी पण रडले. न्हाणीघरात जाऊन रडले. जो माणूस मला शब्द सुचवायचा त्याच्यासाठी रडले, आणि ज्यानं त्या कानाची वाट लावली त्याच्यासाठी आपण रडतोय याचा राग येऊन अजून रडले.

दहाव्या-अकराव्या दिवसाची गोष्ट. इथे कसलंही कार्य करता येत नव्हतं, एका गुरुजींनी व्हिडिओवरून थोडंफार सांगितलं होतं तेवढंच. मुलगी कंटाळली होती, तिनं माझ्या कामातली एक फिल्म लावली. त्यात नवरा आंघोळीच्या टबात उभा राहून छताला रंग द्यायला जातो, टब पायऱ्यांवरून घसरतो आणि तो टबासकट दारातून रस्त्यावर जातो. मुलगी खदखदून हसत होती. सासूबाई तिच्या शेजारी बसल्या होत्या, आणि त्या हसायला लागल्या. आधी पदर तोंडाला लावून, मग तो सुटला. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या. मी त्यांना तसं हसताना कधीच पाहिलं नव्हतं. मी वळले तर जिन्यावर नवरा उभा होता, रिकामा कप हातात. त्यानं आईकडे पाहिलं, कप पायरीवर ठेवला आणि परत वर गेला.

सासूबाईंना तो दिसला होता. त्या मला म्हणाल्या, "आवरलंच नाही गं. मी काय करू." मी त्यांचा हात धरला. मुलगी डचमध्ये विचारत होती की बाबा परत माळ्यावर का गेले.

ऑगस्टच्या अखेरीला त्या परत गेल्या. नवऱ्यानंच सगळी खटपट केली. विमानतळावर आत फक्त जाणाऱ्यालाच सोडत होते. त्यांनी मास्क नीट केला, नातीला जवळ घेतलं, मला म्हणाल्या तब्येत जप, आणि बॅग ढकलत सरळ निघून गेल्या. सांगलीच्या त्या घरात त्या आता एकट्या राहणार होत्या. नवऱ्याला त्याचंच दुःख होतं.

पुढचं वर्ष मी गप्प राहिले. माझं ऑपरेशन झालं, या वेळी मदतीला कोणी नव्हतं, नवऱ्यानंच सगळं केलं, मनापासून केलं. तो वरचेवर एकच बोलायचा. जूनमध्ये नंबर लागला असता तर आई तिथे असती, बाबांना मंडईत जावं लागलं नसतं. कधी स्वतःशी, कधी मित्रांशी, कधी मला. आणि तो म्हणायचा ते खोटंही नव्हतं. कदाचित त्या गेल्या असत्या तर ते वाचले असते. कदाचित दोघंही गेली असती. याचं गणित कोणी मांडून देऊ शकत नाही, आणि मी ते रोज मांडत होते.

दुसऱ्या वर्षीच्या हिवाळ्यात, एका रविवारी सकाळी तो पुन्हा तेच म्हणाला, आणि मी सांगून टाकलं. मेल आला होता. मी उत्तर दिलं नाही. पुसून टाकला.

तो खुर्चीतून उठला, पुन्हा बसला. "का?" त्यानं विचारलं.

मी सांगू शकत नव्हते. मी म्हणाले, त्या वेळी मला तसंच योग्य वाटलं. मग त्याचं त्यानंच उत्तर शोधलं. म्हणाला, तुला घरात माणूस हवं होतं. तुझं काम चालू होतं, ऑपरेशन व्हायचं होतं, आई स्वयंपाक करत होती. मी नाही म्हणाले. तो म्हणाला, मग काय. त्या दिवसापासून तो माळ्यावरच झोपू लागला. मुलीसमोर तो माझ्याशी नीट बोलायचा, ताट घ्यायचा, थँक्यू म्हणायचा. कुठे काही आपटलं नाही, आवाज चढला नाही. आमच्या घरात तीन महिने अशी शांतता होती की मला भांड्यांचा आवाज मुद्दाम करावासा वाटायचा.

मी सासूबाईंना फोनवर सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या की त्यांचं दुखणं माझ्या डोक्यावर आलं, आणि तरी त्याला सांगू नकोस. मला त्यांचा राग आला. तो मी त्यांना दाखवला नाही, पण आला. त्या एक शब्द बोलल्या असत्या तर माझी सुटका झाली असती.

प्रवासाचे नियम सैल झाले तेव्हा नवरा एकटाच सांगलीला गेला. तीन आठवडे राहिला. रोज फोन करायचा, मुलीशी बोलायचा, माझ्याशी दोन वाक्यं. परत आला त्या दिवशी बॅग दारातच ठेवून जेवणाच्या टेबलाशी बसला. मुलगी शाळेत होती. मी चहा ठेवला. त्यानं आईची तब्येत सांगितली, छप्पर गळतंय ते सांगितलं, उजव्या कानासाठी यंत्र घेऊन दिलं म्हणाला.

मग म्हणाला, "तिनं तुला सांगितलं होतं ना? इथे असताना."

मी चहा गाळून कप त्याच्यापुढे ठेवला.

"तिनं मला काही सांगितलेलं नाही. मीच विचारलं, तू तिच्यासाठी केलंस का म्हणून. ती रडली. तेवढ्यावरून कळलं." त्यानं कप फिरवला. "मला माहीत होतं. पाचवी-सहावीत असल्यापासून. आतल्या खोलीत आवाज यायला लागला की मी पुस्तक मोठ्यानं वाचायचो. आणखी मोठ्यानं. आईला वाटायचं मी अभ्यासात इतका रमलोय की मला ऐकूच येत नाही."

मी विचारलं, माहीत होतं तर मग तिला परत पाठवायची एवढी घाई का करत होतास. मला ते विचारायला नको होतं, किंवा निदान त्या दिवशी नको होतं. चहा तसाच ठेवून तो अंगणात गेला आणि मुलीच्या सायकलच्या चाकात हवा भरत बसला. भरून झाली तरी उठला नाही. मी खिडकीतून पाहत होते. बाहेर जावं असं मला वाटत होतं, पण मी गेले नाही.

तो माळ्यावरून खाली झोपायला आला त्याला अजून महिनाभर लागला. माफी कोणी मागितली नाही, त्यानं नाही, मी पण नाही. बाबांबद्दल आम्ही अजूनही बोलतो, त्यांच्या अक्षराबद्दल, त्यांच्या कोड्यांबद्दल, आणि मधेच दोघंही थांबतो. सासूबाई पुन्हा इकडे आल्या नाहीत. बोलावलं तर म्हणतात, आता मला माझ्या घरात बरं वाटतं. टिलबर्गचं ते काम पुढच्या वर्षी संपलं. शेवटच्या काही फिल्मा मी मुलीला न दाखवता, ते आवाज तिच्या कानावर पडू नयेत म्हणून दार लावून पूर्ण केल्या.